शेताचा तुकडा पडत नाही म्हणून बहिणीचा हिस्सा बुडतो का?

आमच्या हिमायतनगरला पालकसभा झाल्यावर एका विद्यार्थिनीची अम्मी मागे थांबली. म्हणाली, "सर, वालिदांचा इंतकाल झाला. भाऊ म्हणतात, दोन एकरात तुला काय देणार? कायदाच तुकडे पाडू देत नाही. खरं आहे का हे?" मी म्हणालो, अर्धं खरं आहे. पण या अर्ध्या खऱ्यावर विसंबून आपल्याकडच्या कितीतरी बहिणी गप्प बसतात. म्हणून थोडं सविस्तर लिहितोय.

आधी हिशोब पाहू. वालिदांच्या मागे पत्नी, दोन मुलगे आणि एक मुलगी आहे. सूरह निसाच्या ११ व्या आणि १२ व्या आयतीत हिस्से ठरवून दिलेले आहेत. मुलं असतील तर पत्नीला आठवा हिस्सा, आणि उरलेल्यात मुलाला मुलीच्या दुप्पट. जमीन दोन एकर म्हणजे ८० गुंठे धरा. अम्मीला १० गुंठे, प्रत्येक भावाला २८ आणि बहिणीला १४ गुंठे येतात.

आता तुकडेबंदीचा कायदा. तो १९४७ चा आहे. २०२३ च्या अधिसूचनेनुसार जिरायत जमिनीला २० गुंठे आणि बागायतीला १० गुंठे ही किमान मर्यादा आहे. जमीन जिरायत असेल तर बहिणीचे १४ गुंठे त्यात बसत नाहीत. भाऊ सांगतात ते इथपर्यंत बरोबर. पण त्याच कायद्यात पुढे काय लिहिलंय, ते कुणी सांगत नाही.

वाटप कोर्टाकडून किंवा कलेक्टरकडून होत असेल आणि एखाद्याचा हिस्सा तुकडा ठरत असेल, तर त्याला त्या हिश्श्याची किंमत पैशात द्यावी लागते. ज्याच्या वाट्याला हक्कापेक्षा जास्त जमीन जाते, त्याने ती रक्कम आधी जमा करायची आणि मग ताबा घ्यायचा. जमीन सगळ्यांना पुरत नसेल तर जमीन कुणी घ्यायची आणि पैसे कुणी, हे वारसांनी आपसात ठरवावं. नाहीच जमलं तर चिठ्ठ्या टाकून ठरतं. म्हणजे तुकडा पडत नाही, पण हक्कही बुडत नाही. त्याचं फक्त रूप बदलतं. यालाच पर्यायी दाद म्हणतात.

घराचंही असंच आहे. दोन खोल्यांच्या घराचे चार भाग कसे करणार? त्यासाठी १८९३ चा वाटप कायदा आहे. घराची वाटणी नीट होत नसेल आणि निम्म्या किंवा त्याहून जास्त हिश्श्याच्या वारसांनी मागणी केली, तर कोर्ट घर विकून पैसे वाटून देऊ शकतं. पण इतर वारसांपैकी कुणाला घर ठेवायचं असेल, तर कोर्ट किंमत ठरवतं आणि त्या किमतीत तो विकणाऱ्यांचा हिस्सा घेऊ शकतो. एखाद्या वारसाने आपला हिस्सा बाहेरच्या माणसाला विकला आणि तो वाटणीसाठी कोर्टात आला, तर घरच्यांना तो हिस्सा योग्य किमतीत परत घेता येतो.

मागितलं त्यापेक्षा कमी मिळालं, असंही होतं. ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातल्या एका निपुत्रिक विधवेच्या प्रकरणात निकाल दिला. तिने तीन चतुर्थांश हिस्सा मागितला होता. मूलबाळ नसल्याने शरीयतप्रमाणे एक चतुर्थांश बसत होता, तो कायम राहिला. जास्त मागितलं म्हणून तिचा खरा हक्क गेला नाही. नुसत्या विक्रीच्या कराराने मालकी जात नाही, ती जमीनही मतरूक्यातच राहते, हेही कोर्टाने स्पष्ट केलं.

पण कोर्ट आपल्या मनाने काहीही देत नाही. २००८ च्या एका प्रकरणात वादींनी जागेवर मालकी सांगितली होती. उच्च न्यायालयाने त्यांना मालकीऐवजी जागा वापरण्याचा हक्क दिला. सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला, कारण दाव्यात त्याबद्दल काहीच लिहिलेलं नव्हतं. म्हणून वकीलसाहेबांना सांगा, दाव्यात "किंवा" लिहा. हिश्श्याची जमीन द्यावी, ते शक्य नसेल तर किंमत द्यावी, आणि आजवरच्या पिकाच्या उत्पन्नाचा हिशोब द्यावा. हे तिन्ही लेखी हवं. सातबारा, फेरफार आणि मृत्यूचा दाखला आधीच काढून ठेवा.

खर्चाची भीती असेल तर लक्षात ठेवा, विधी सेवा प्राधिकरणाकडून कोणत्याही महिलेला मोफत वकील मिळतो, त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. लोकअदालतीत समझोता झाला तर त्याला कोर्टाच्या हुकूमनाम्याइतकीच किंमत आहे, आणि त्यावर अपील होत नाही. त्यामुळे सही करण्याआधी रक्कम आणि मुदत नीट वाचून घ्या.

त्या अम्मीला मी शेवटी एवढंच सांगितलं, भावांशी भांडू नका. घरी बसून बोला, आणि विचारा: "जमीन तुम्ही ठेवा, माझ्या १४ गुंठ्यांची किंमत कधी देता?" उत्तर आलं तर कोर्टाची पायरी चढायची गरजच नाही. नाही आलं, तर कायदा हाच प्रश्न विचारायला बसलेला आहे.