येरवडा चक्र आणि कल्पकता

नवें सुचणें ही जन्मजात देणगी आहे, असा समज आपल्यांत दृढ आहे. तो किती उणा आहे हें दाखविणारें उदाहरण आपल्या येरवड्याच्याच तुरुंगांत घडलें.

महात्मा गांधी मे 1930 पासून जानेवारी 1931 पर्यंत येथें बंदिवासांत होते. ते नित्य सूत काढीत आणि चरखा सुधारण्याचे प्रयोग करीत. जुन्या चरख्याचें चाक मोठें. त्यामुळें तो जागा अडवी व प्रवासांत नेणें अवघड जाई. चाक लहान करावें, तर चातीचा वेग घटे. ही अडचण सुटली ती एका मोठ्या चाकाऐवजीं दोन लहान चाकें घेतल्यानें. पहिलें चाक हातानें फिरवावयाचें. त्याची दोरी दुसऱ्याच्या बारीक कण्यावर आणि दुसऱ्याची दोरी चातीवर. समजा, पहिल्याच्या एका फेऱ्यांत दुसऱ्याचे 5 फेरे झाले व दुसऱ्याच्या एका फेऱ्यांत चातीचे 10, तर हाताच्या एका फेऱ्यास चातीचे 50 फेरे पडतील. सारा चरखा लहानशा पेटींत मावूं लागला. हेंच ‘येरवडा चक्र’. चाक, दोरी, चाती ह्यांतील एकहि वस्तु नवी नव्हती. नवी होती ती मांडणी.

येरवड्यास वापरलेला एक चरखा गांधीजींनीं पुढें 1935 सालीं फ्लॉइड पफर ह्या अमेरिकन मिशनऱ्यास भेट दिला. पफर ह्यांनीं बांबूचा नांगर तयार केला होता. तेथेंहि रीत तीच: काम कायम, साहित्य निराळें.

ही रीत कोणासहि शिकतां येते. रोज एक साधी वस्तु घ्यावी; दप्तर, छत्री, दाराची कडी, कांहींहि चालेल. मग वहींत तीन प्रश्न लिहावे. हिचें मुख्य काम कोणतें? अडचण नेमकी कोठें आहे? हिच्यांतील अवश्य काय आणि केवळ वहिवाटीचें काय? प्रत्येक अडचणीस निदान तीन उपाय लिहावे. कारण पहिला उपाय बहुधा ऐकीव असतो. शेवटीं पुठ्ठा व सुतळी घेऊन एक उपाय करून पाहावा. फसला, तर कोठें फसला तें टिपून ठेवावें.

पालकांसहि एक विनंति आहे. मुलानें खोललेलें घड्याळ दिसतांच रागावण्यापूर्वीं, “काय शोधीत होतास?” एवढें विचारावें. मूल भ्यालें कीं विचारणें सोडतें. आणि विचारणें सुटलें, कीं सुचणेंहि सुटतें.