भेगेतला ज्वालामुखी

धुळ्याहून साक्री-नंदुरबारकडे जाताना उघड्या माळावर मध्येच एक काळी भिंत उठलेली दिसते. शेतं, नाले ओलांडत ती पूर्व-पश्चिम सरळ निघून जाते. जवळ गेलं, की पैलूदार दगड सरपणाच्या मोळीसारखे आडवे रचलेले. जुन्या किल्ल्याचा तटच वाटावा! पण ही भिंत कोणी बांधलेली नाही. हा ज्वालामुखीचा घसा आहे.

ज्वालामुखी म्हटलं की डोळ्यांपुढे सुळका येतो. ते खरं, पण घट्ट शिलारसाच्या बाबतीत. त्यात वायू कोंडतो आणि शेवटी डोंगरच फुटतो, 1991 साली फिलिपिन्समध्ये पिनाटुबो फुटला तसा. हवाई बेटांवरचा रस पातळ. तो वाहत राहून ढालीसारखे पसरट डोंगर झाले. खानदेशातही रस पातळच होता, पण त्याला एक तोंड नव्हतं. सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी जमीन ताणली जाऊन लांबच लांब भेगा पडल्या. काहींतून रस उतू जाऊन कोसच्या कोस पसरला, थरावर थर चढले. सातमाळा-अजिंठ्याचे डोंगर त्याच थरांचे. काहींत तो वर पोचण्याआधीच थिजला. पुढे भोवतालचा खडक झिजला आणि भेगेतला रस भिंत होऊन उघडा पडला. भूशास्त्रज्ञ तिला डाइक म्हणतात. धुळे-नंदुरबार परिसरात त्यांनी अशा दोनशेहून अधिक भिंती मोजल्या. सर्वांत लांब 79 किलोमीटर!

अशा उद्रेकात लाव्हापेक्षा वायूचं भय मोठं. आइसलँडमध्ये 1783 साली लाकीची 27 किलोमीटरची भेग आठ महिने धुमसली. गवत विषारी झालं, गुरं मेली, मग दुष्काळ पडला आणि देशातली सुमारे पाचवा हिस्सा माणसं गेली. दख्खनचे थर आजही पाच लाख चौरस किलोमीटरवर आहेत. डायनासोरांच्या अंतात अशनीबरोबर या वायूंचा वाटा किती, यावर शास्त्रज्ञ अजून वाद घालतात.

चोपडा तालुक्यात उनपदेवला गोमुखातून कढत पाणी पडतं. ते पाहून खाली अजून काही धगधगतंय का, अशी शंका येते. तसं नाही. पावसाचं पाणी भेगांतून खोल उतरतं, तिथल्या उष्णतेने तापतं आणि वर येतं.

भिंतीपाशी गेलात तर कडेचा दगड आणि मधला दगड शेजारी धरून पाहा. कडेचा बारीक कणांचा, मधला भरड. कडेला रस थंड खडकाला टेकून झटकन गोठला. मध्ये निवायला वेळ मिळाला, म्हणून स्फटिक मोठे झाले. दगड आडवे रचल्यासारखे का, तेही तिथेच कळतं: उष्णता दोन्ही बाजूंनी निघून गेली, आणि तडे तिच्या वाटेने आडवे गेले.