तिकीट कुठलं, शिक्का कुठला

साताऱ्याच्या छत्रपतींच्या नावाचं टपाल तिकीट कधी निघालंच नाही. छत्रपती आप्पासाहेब महाराज एप्रिल १८४८ मध्ये वारले, संस्थान खालसा झालं, आणि भारतभर चालणारी पहिली तिकिटं आली ती ऑक्टोबर १८५४ मध्ये. साताऱ्याकडच्या पत्रांवर मग राणी व्हिक्टोरियाच बसली. गंमत अशी, की खालसा होताना साताऱ्यात रेसिडेंट असलेला बार्टल फ्रियर पुढे सिंधला गेला आणि १८५२ मध्ये आशियातलं पहिलं चिकटवायचं तिकीट त्यानंच काढलं!

शेजारच्या भोरला मात्र १८७९ मध्ये संस्थानची तिकिटं निघाली. अर्ध्या आण्याचं आणि एक आण्याचं. देशी कागदावर हातानं ठसा मारलेली, मागं गोंद नाही, कडेला छिद्रं नाहीत.

जिथं स्वतःचं तिकीट उशिरा आलं, तिथं आधी दुसऱ्याचं चाललं. एडनचंच बघा. कारभार बराच काळ मुंबई इलाख्याकडे, म्हणून १८५४ पासून १९३७ पर्यंत तिथं भारतीय तिकिटंच. त्या वर्षी १ एप्रिलला पहिलं स्वतःचं तिकीट आलं, त्यावर शिडाचं गलबत. त्याआधीचं अर्ध्या आण्याचं तिकीट साताऱ्यात विकलं काय आणि एडनला विकलं काय, कागद तोच, शाई तीच. ते कुठं वापरलं हे फक्त रद्द करताना मारलेला शिक्का सांगतो. रेघांच्या शिक्क्यात १२४ आकडा दिसला, की पत्र बहुधा एडनहून निघालेलं.

शिक्का पुसट असेल तर अवरक्त प्रकाशाची मदत होते. काजळीच्या शाईतला कार्बन हा प्रकाश शोषतो आणि काळाच दिसतो. तिकिटाच्या छपाईतले अनेक रंग मात्र त्यात फिके पडतात किंवा दिसेनासे होतात. डोळ्याला न दिसणारा आकडा कॅमेऱ्यात असा वर येतो. बनावट शिक्केही यात पकडले जातात. साध्या उजेडात दोन शाया सारख्याच काळ्या दिसल्या, तरी घटक वेगळे असतील तर अवरक्तात त्या वेगळ्या वागू शकतात.

म्हणून पेटाऱ्यात जुनं पाकीट सापडलं, तर तिकीट पाण्यात भिजवून सोडवू नये. शिक्क्याचा अर्धा भाग बहुधा पाकिटावर असतो, आणि गावाचं नाव कित्येकदा त्याच अर्ध्यात.