पॅलेस्टाइनची कागदावरची फाळणी

पहिल्या महायुद्धानंतर पॅलेस्टाइनचा कारभार ब्रिटनकडे आला. अरब-ज्यू तंटा हाताबाहेर गेल्यावर ब्रिटनने 1947 साली तो संयुक्त राष्ट्रांपुढे टाकला. 29 नोव्हेंबरला आमसभेने 33 विरुद्ध 13 मतांनी फाळणी मंजूर केली. खुद्द ब्रिटन तटस्थ राहिले.

त्या फाळणीचा नकाशा बारकाईने पाहावा. अरब आणि ज्यू अशा दोन राज्यांपैकी प्रत्येकाचे तीन मोठे तुकडे, तेही जेमतेम एकेका बिंदूत एकमेकांना टेकलेले. याफा हे अरब बंदर एकटे. तीन बाजूंना ज्यू राज्य, चौथीकडे समुद्र. जेरुसलेम आंतरराष्ट्रीय देखरेखीखाली. ज्यू लोकसंख्येच्या एक तृतीयांश होते, जमीन मात्र त्यांना निम्म्याहून जास्त मिळाली, अर्थात त्यात नेगेव्हचे वाळवंट बरेच होते. शिवाय ज्यू राज्यातच चार लाख अरब राहणार होते. अरबांनी हे स्वीकारणे अवघडच होते.

नुकतीच स्वतःची फाळणी सोसलेल्या भारताने विरोधात मत दिले. संयुक्त राष्ट्रांच्या चौकशी समितीत भारत, इराण आणि युगोस्लाव्हियाने एकाच संघराज्याचा पर्याय मांडला होता. तो अधिक माणुसकीचा होता, असे मला मनापासून वाटते. पण दोन्ही पक्षांना तोही नको होता.

योजना राबवायला फौज कोणीच दिली नाही. हिंसा लगेच पेटली, आणि 1949च्या युद्धबंदी रेषा लढाईने आखल्या.