वाटा आणि विस्तव

कोंबडा घेताना आधी तो दोन्ही हातांत धरून वजन अजमावायचं, मग छातीचं हाड चाचपायचं. हाड टोकदार लागलं तर पक्षी खंगलेला; दोन्ही बाजूंना मांस भरलेलं लागलं तर चांगला दाणे टिपून वाढलेला. पायामागचा काटा लांब आणि टणक असेल तर कोंबडा जून, शिजायला वेळ घेणार. पालघर जिल्ह्यातल्या तलासरीकडच्या एका आठवडे बाजारात हे मला शिकवलं ते कोंबडा विकायला बसलेल्या आजींनीच. त्यांच्यापुढे सुतळीने पाय बांधलेले तीन पक्षी होते. मी सगळ्यांत देखणा, लाल तुऱ्याचा कोंबडा उचलला, तेव्हा त्यांनी विचारलं, "भाजायचा का रस्सा करायचा?" भाजायचा म्हटल्यावर त्यांनी तो माझ्या हातातून काढून घेतला. "मग हा नको दादा. ही तलंग ने."

तलंग म्हणजे अजून अंड्यावर न आलेली किंवा नुकती येऊ लागलेली कोवळी कोंबडी. ती कोंबड्यापेक्षा स्वस्त होती. स्वतःचं नुकसान करून गिऱ्हाइकाला बरोबर पक्षी देणारी ही आजी आठवली की मला वाटतं, मांसाचा बाजार समजून घ्यायचा तर सुरुवात इथून करावी.

अलीकडे कोरियन मालिका घराघरांत पोचल्या आणि टेबलाच्या मधोमध निखारे ठेवून मांस भाजत बसलेली माणसं आपल्याही ओळखीची झाली. सोल शहराच्या पूर्वेला माजांग नावाचा मांसबाजार आहे. १९६०च्या दशकात तिथल्या कत्तलखान्याच्या आधाराने तो वाढला. कत्तलखाना १९९८मध्ये बंद झाला, बाजार मात्र राहिला. खाली ओळीने दुकानं. काचेमागे गोमांसाचे तुकडे, प्रत्येकाला वेगळं नाव, वेगळी किंमत आणि सरकारी प्रतवारी. तांबड्या मांसात पांढऱ्या चरबीची जाळी जितकी दाट तितकी प्रत वरची. सगळ्यांत वरची '१++'. आपल्याला हवा तो तुकडा घ्यायचा, वरच्या मजल्यावरच्या खानावळीत जायचं, माणशी ठरलेले पैसे दिले की निखारे, लसूण, पाला आणि चटण्या समोर येतात. मांस तुमचं, विस्तव त्यांचा.

ही रीत वाचली आणि मला डहाणू-तलासरीचा बाजार आठवला. साम्यामुळे नाही, एका मुळातल्या फरकामुळे. तिकडे जनावराचा प्रत्येक तुकडा वेगळा काढून त्याची किंमत ठरते. इकडे कोंबडी नगावर विकली जाते आणि बकरा वाट्यावर.

वाटा हा शब्द आपण इतक्यांदा वापरतो की त्यातली योजना नजरेतून सुटते. सणाला, लग्नाला किंवा शिमग्याला पाड्यावरची दहा-पंधरा घरं पैसे काढतात, एक बकरा आणतात. तो कापला की सागाची किंवा पळसाची पानं ओळीने मांडतात आणि प्रत्येक पानावर थोडी मांडी, थोडी फासळी, काळजाचा एक तुकडा, थोडी वजडी, एखादं नळीचं हाड असं घालत जातात. कुठलं पान जड वाटलं तर त्यातला तुकडा हलक्या पानावर जातो. सगळी पानं सारखी दिसेपर्यंत हे चालतं. मग ज्याने जितके पैसे घातले तितके वाटे तो उचलतो. इथे उत्तम तुकडा विकत घेण्याची सोयच नाही, कारण उत्तम तुकडा सगळ्यांत वाटला गेलेला असतो. डहाणूच्या बंदरावर मासळीही अशीच वाट्याने मिळते. तराजू आला, काटा आला, तरी वाटा गेला नाही.

या मुलखात हा शब्द जरा जास्त जड आहे. २०११च्या जनगणनेनुसार तलासरी तालुक्यात दहापैकी नऊ माणसं आदिवासी. त्यांत वारली सर्वांत जास्त. शिवाय कोकणा, धोडी, दुबळा, काथोडी. ऐंशीएक वर्षांपूर्वी यांतल्या बहुतेकांना स्वतःच्या कष्टाचा वाटा मिळत नव्हता. सावकार-जमीनदाराच्या शेतावर वेठीला जायचं, लग्नासाठी काढलेल्या कर्जापायी पिढ्या गहाण पडायच्या. २३ मे १९४५ रोजी तलासरीजवळच्या झरी गावात हजारो वारली जमले आणि वेठ करायची नाही, असं त्यांनी ठरवलं. या लढ्याच्या नेत्या गोदावरी परुळेकरांनी 'जेव्हा माणूस जागा होतो' या पुस्तकात तो काळ लिहून ठेवला आहे. त्या लोकांची नात आज बाजारात बसून आपल्या कोंबडीचा भाव आपण सांगते. म्हणून तिच्याशी दहा-वीस रुपयांसाठी घासाघीस करणाऱ्या शहरी पाहुण्यांना मी हात जोडून थांबायला सांगतो.

शिवाय तिच्यापुढची कोंबडी ही फक्त कोंबडी नसते. घराच्या मागे दाणे टिपत वाढणारे आठ-दहा पक्षी म्हणजे बाईच्या हातातला रोख पैसा. पोराची वही, दवाखाना, तेल-मीठ, डहाणूला जायचं भाडं. नड आली की एक पक्षी टोपलीत बसतो. ब्रॉयलर चाळीसेक दिवसांत विकायला तयार होतो, गावठी पक्ष्याला सहा महिने आणि त्याहून जास्त लागतात. तेवढ्यात मुंगूस, घार, मानमोडीचा रोग यांतून तो वाचलेला असतो. आणि सगळेच पक्षी खाण्यासाठी घेतले जात नाहीत. बाजारात काही माणसं वजन पाहत नाहीत, पिसांचा रंग पाहतात. देवाला कुठल्या रंगाचं कोंबडं लागतं हे भगताने सांगितलेलं असतं. हिरवा देव, वाघदेव, धान्याची कणसरी, प्रत्येकाचा मान वेगळा. चैत्र पौर्णिमेपासून डहाणू तालुक्यात विवळवेढे इथे महालक्ष्मीची पंधरा दिवसांची यात्रा भरते, तेव्हा या बाजारांत रंगाला आणखी भाव येतो.

बाजाराची दुसरी बाजू वासानेच कळते. सुकी मासळी. डहाणू, चिंचणी, वरोर, झाई इथल्या किनाऱ्यावर बोंबील वलांडीवर टांगून वाळवतात आणि ते जंगलपट्टीत चढतात. एप्रिल-मेमध्ये इथे अगोटीची खरेदी असते, म्हणजे पावसाळ्याच्या चार महिन्यांची बेगमी: बोंबील, सुकट, जवळा, मीठ, मिरची, कांदे. पूर्वी कोळणी सुकी मासळी घेऊन पाड्यावर जायच्या आणि बदल्यात भात आणायच्या. किनारा आणि डोंगर यांचं नातं या देवघेवीनेच विणलं आहे. पाऊस लागला की शेतावरून आलेला माणूस चुलीतले निखारे पुढे ओढतो, त्यावर दोन बोंबील टाकतो, चिमट्याने उलटतो, ठेचून मिरची-मीठ लावतो आणि तांदळाच्या भाकरीबरोबर खातो. या तालुक्यांतलं नेहमीचं भाजण हेच आहे. त्याला कुणी खास नाव दिलेलं नाही.

आता मांस भाजण्याकडे येतो. आजींनी कोंबडा का नाकारला, त्याचं कारण मांसाच्या घडणीत आहे. जून पक्ष्याचे स्नायू हिंडून-फिरून घट्ट झालेले असतात, त्यांना बांधणारे चिवट धागे पिकलेले असतात. थेट निखाऱ्यावर ते आक्रसतात आणि मांस चामड्यासारखं होतं. पाण्यात मंद आचेवर तासभर शिजले तर तेच धागे विरघळून रश्शाला दाटपणा देतात. म्हणून कोंबडा रश्शाला, तलंग निखाऱ्याला. पण रश्शाच्या कोंबड्यालाही इथे आधी विस्तव दाखवतात. पिसं उपटली की पेंढ्याचा जाळ करून त्यावर पक्षी फिरवायचा. बारीक लव जळते, कातडी पिवळसर होते आणि तो धुरकट वास रश्शात उतरतो. बाजारातल्या खाटकाकडून आणलेली मुंडी आणि पाय असेच जाळावर भाजून, खरवडून मग शिजवतात. कोरियातलं गोमांस पातळ कापून क्षणभर भाजता येतं, कारण तिथल्या जनावराला चरबी चढवलेली असते. इथल्या पक्ष्याला फारशी चरबी नाही, म्हणून विस्तवाची रीत वेगळी झाली.

पालघर जिल्ह्याचं स्वतःचं म्हणावं असं निखाऱ्यावरचं मांस मात्र डहाणूच्या दक्षिणेला सापडतं, विरारजवळच्या आगाशीत. भुजिंग. भुजणे म्हणजे भाजणे. नावातच रीत आली. मसाला चोळलेले कोंबडीचे तुकडे सळईवर ओवून कोळशावर भाजायचे, मग मोठ्या भांड्यात पोहे, बटाटा, कांदा, कोथिंबीर आणि मसाल्याच्या तेलाबरोबर ते कालवायचे. १९४०च्या सुमारास आगाशीच्या गावड कुटुंबाने याची सुरुवात केली असं सांगतात. त्या भागात ताडीची दुकानं होती आणि ताडीबरोबर काहीतरी चमचमीत, पोट भरणारं लागायचं. पोह्यांची जागा इथे फार महत्त्वाची. भाजलेल्या मांसाचा सगळा रस आणि तेल ते पितात, आणि थोड्या मांसात चार माणसं जेवतात. पुन्हा वाटाच, फक्त दुसऱ्या रूपात.

उत्तरेकडे, अच्छाडची सीमा ओलांडण्याच्या आधीपासूनच थंडीत महामार्गाच्या कडेला धूर दिसू लागतो. काळवंडलेली मडकी उलटी ठेवलेली, भोवती गोवऱ्या आणि पालापाचोळ्याचा जाळ. हे उंबाडियुं. वलसाडकडच्या गुजराती शेतकऱ्यांचं, पण तलासरीची माणसं ते आपलंच समजतात. मडक्याच्या आतून उग्र वासाच्या रानपाल्याचा थर द्यायचा, मग वालपापडी, रताळी, कंद, बटाटे, ओवा आणि हिरवं वाटण भरायचं, तोंड पाल्याने गच्च बुजवायचं आणि मडकं पालथं करायचं. पाण्याचा थेंब घालत नाहीत. शेंगा आणि कंद आपलंच पाणी सोडतात, वाफ मडक्यात कोंडली जाते, पाला जिन्नस करपू देत नाही. रायगडची पोपटी याच घराण्यातली. तिथे भांबुर्ड्याचा पाला असतो आणि शेंगांच्या मध्ये मसाला लावलेली कोंबडी व अंडी. दोन्हींचा मोसम एकच, कारण भात निघाल्यावर जमिनीत उरलेल्या ओलीवर वाल येतो आणि पौष-माघात त्याच्या शेंगा भरतात. मोसमाबाहेर कुणी उंबाडियुं देऊ केलं तर घेऊ नये असं माझं मत आहे. कोवळ्या शेंगेशिवाय त्यात काही उरत नाही.

पारशी लोक याच मडक्यात मांस आणि ताडी घालतात. त्यांचं इथे असणं आगंतुक नाही. इराणहून आल्यावर ते जिथे वसले असं परंपरा सांगते, ते संजाण तलासरीच्या शेजारीच आहे. संजाण पडलं तेव्हा त्यांनी आपला पवित्र अग्नी, इराणशाह, डहाणू तालुक्यातल्या बाहरोटच्या डोंगरातल्या गुंफेत आणला आणि परंपरा सांगते की तो तिथे बारा वर्षं होता. बोर्डीच्या बाजूने तो डोंगर दिसतो. परक्यांचा विस्तव या जंगलात बारा वर्षं जिवंत राहिला. त्या काळात लाकूड कुणी वाहिलं असेल, हा प्रश्न त्या डोंगराकडे पाहताना माझ्या मनात दर वेळी येतो.

ती तलंग घेऊन मी ओळखीच्या एका पाड्यावर गेलो. घरच्या वहिनींनी आलं, लसूण, हिरवी मिरची आणि मीठ पाट्यावर वाटून चोळलं. तेल लावलं नाही. अंगणात तीन दगड मांडून ऐनाची लाकडं पेटवली आणि जाळ पूर्ण बसेपर्यंत कुणी मांसाला हात लावला नाही. मी दोनदा विचारलं, त्यांनी दोनदा थांबायला सांगितलं. निखाऱ्यावर राखेची पांढरी साय धरली तेव्हाच सळई वर ठेवली. बाजूच्या फुफाट्यात पोरांनी कांदे आणि रताळी पुरली. चरबी थेंबभरच गळत होती, पण त्या थेंबाच्या धुराने शेजारची दोन घरं अंगणात आली.

कोंबडी लहान होती आणि माणसं अकरा झाली. वहिनींनी सगळं मांस सुरीने बारीक केलं, भाजलेला कांदा त्यात चुरला, सागाची अकरा पानं मांडली आणि चिमटीने घालत गेल्या. शेवटच्या पानावर कमी पडलं तेव्हा त्यांनी पहिल्या पानावरून एक तुकडा उचलला. पहिलं पान माझं होतं.