उंची आली, पोंच कधीं?

सन १८७५. रत्नागिरी जिल्ह्यांतील मुरूड गांवचा धोंडो केशव कर्वे हा मुलगा सरकारी परीक्षेसाठीं सोबत्यांसह पायीं साताऱ्यास निघाला. वाट १०० मैलांहून अधिक, मध्यें सह्याद्रि, आणि दिवस पावसाळ्याचे. इतकें करून पोंचल्यावर, वयास १७ वर्षें पुरीं असूनही, 'तेवढा दिसत नाहीं' म्हणून परीक्षकांनीं त्यास परत धाडलें! पुढें महर्षि म्हणून वंद्य झालेल्या कर्व्यांचीच ही हकीकत होय.

परीक्षक चेहऱ्यावरून फसले. आपण घरोघरीं उंचीवरून फसतों. मुलगा बापाच्या खांद्यास लागला कीं त्यास बापाइतकी पोंच आली असें धरून चालतों. वास्तविक मेंदूचा आकार सहाव्या वर्षींच प्रौढाच्या सुमारें ९० टक्के होतो. पण आंतील बांधणी पंचविशीच्या सुमारापर्यंत चालूच असते. वापरांत नसलेले मज्जातंतूंचे जोड गळतात, वापरांतल्या तंतूंवर स्निग्ध वेष्टण चढून निरोप जलद धावूं लागतात. हें काम अगदीं शेवटीं पुरें होतें तें कपाळामागील भागांत, म्हणजे जेथें आवर आणि परिणामाचा विचार यांचें ठाणें आहे तेथेंच. शाबासकीची व थराराची ओढ मात्र वयांत येतांच बळावते. (झोप आणणारें द्रव्यही या वयांत रात्रीं उशिरां स्रवतें, आजोबांच्या पहाटेच्या हांकेस ओ न देणारी नात आळशीच असते असें नाहीं.)

अमेरिकेंत २००५ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगांत मुलांना मोटार हांकण्याचा खेळ दिला. १३ ते १६ वर्षांचीं मुलें मित्रांदेखत एकटें असतांनापेक्षां फारच अधिक धोका पत्करीत. चोविशीपुढील माणसांत तसा फरक दिसला नाहीं.

वाचकहो, पावसाळ्यांत भाट्याच्या समुद्रांत उतरावें काय, असें सोळा वर्षांच्या मुलास सकाळीं ओटीवर एकट्यास विचारा. तो शहाण्यासारखा 'नको' म्हणेल, व तें खोटेंही नसेल. शांतपणें विचार करण्याची शक्ति त्यास बहुतेक आलेलीच असते. सायंकाळीं चार सोबती जमले कीं तोच पहिला पाण्यांत! भर पावसांत सह्याद्रि ओलांडणारी उमेदही याच वयाची; ती मारावी असें आम्हांस वाटत नाहीं. पण चार भावंडांदेखत जाब विचारणें आम्हीं आमच्या घरीं सोडलें आहे. बोलावयाचें तें सकाळीं, एकट्याशीं. आणि आषाढांत भाट्याकडे मंडळी निघाली कीं धाकटे काका बरोबर जातात.