शिळी पालेभाजी : दोष तापवण्याचा नव्हे

रात्री उरलेली पालकाची भाजी सकाळी गरम केली की ‘विषारी’ होते, असा समज अनेक घरांत आहे. खरा दोष गरम करण्याचा नसून रात्रभर ओट्यावर राहिलेल्या पातेल्याचा असतो. पालक, माठ यांसारख्या पालेभाज्यांत नायट्रेट निसर्गतःच मुबलक असते. शिजवलेली भाजी तासन्‌तास बाहेर राहिली की तिच्यात वाढणारे जिवाणू त्याचे नायट्राइटमध्ये रूपांतर करतात. नायट्राइटमुळे रक्ताची प्राणवायू वाहून नेण्याची क्षमता घटते. निरोगी प्रौढांना सहसा त्याचा उपद्रव होत नाही. तान्ह्या बाळाची त्वचा मात्र निळसर पडू शकते. जर्मनीत १९६०च्या दशकात साठवलेल्या पालकामुळे अर्भकांना असा त्रास झाल्याच्या नोंदी आहेत. त्यामुळे बाळाला शिळी पालेभाजी कुस्करून किंवा सूप करूनही देऊ नये.

इतरांसाठी ती टिकवणे अवघड नाही. शिजल्यापासून दोन तासांच्या आत भाजी उथळ डब्यात काढावी आणि झाकण लावून फ्रिजमध्ये ५ अंश सेल्सिअसखाली ठेवावी. भरलेले पातेले तसेच आत सारले, तर मधली भाजी फार उशिरा गार होते. दुसऱ्या दिवशी लागेल तेवढीच काढून, ढवळत, सर्वत्र वाफा येईपर्यंत तापवावी. एकदा तापवलेली पुन्हा ठेवू नये. उकळीने बहुतेक जिवाणू मरतात, पण तयार झालेले नायट्राइट जात नाही. म्हणूनच वीज नसल्याने फ्रिज रात्रभर बंद राहिला असेल, तर वास चांगला येत असला तरी अळूचे फदफदे टाकून द्यावे.